कॅसेटमधल्या ओव्या कॉम्प्युटरवर घेताना : ऑडिओच्या डीएलएल फायली कुठून आणायच्या, कुठे ठेवायच्या

आमच्या घरी लोखंडी कपाटावर बुटांच्या खोक्यात अकरा कॅसेट होत्या. काही सप्त्यातल्या काल्याच्या कीर्तनाच्या, दोन चुलतभावाच्या लग्नातल्या गोंधळाच्या, आणि एक साठ मिनिटांची, जिच्यावर वडिलांच्या अक्षरात ‘आक्का – जातं’ एवढंच लिहिलेलं. १९९४ सालची दिवाळी. गंगाखेडजवळच्या आमच्या गावी आत्या डाळ भरडायला बसली होती आणि वडिलांनी टेपरेकॉर्डर हळूच शेजारी ठेवला होता. आत्या आता नाही.

ती कॅसेट कॉम्प्युटरवर घ्यायला मला तीन आठवडे लागले. रेकॉर्डिंग तासाभराचं, बाकीचा वेळ डीएलएल फायलींच्या मागे गेला. प्रोग्राम उघडताना ‘अमुक डीएलएल सापडत नाही’ असा संदेश आला. मी त्या फायलीचं नाव शोधलं, जे संकेतस्थळ सगळ्यांत वर आलं तिथून ती उतरवली आणि सिस्टम३२ या फोल्डरमध्ये टाकली. लगेच दुसऱ्या फायलीचं नाव आलं. तीही तिथूनच आणली. चौथ्या फायलीनंतर ब्राउझर आपोआप जाहिराती उघडायला लागला आणि शेवटी अख्खं विंडोज नव्याने टाकावं लागलं. पहिल्या बाजूचं रेकॉर्डिंग त्याच ड्राइव्हवर होतं, तेही गेलं. कॅसेट शाबूत होती म्हणून पुन्हा घेता आलं; पण तीस वर्षांची फीत दर वेळी हेडवरून घासत जाते, तिच्यावर असे प्रयोग करू नयेत.

मराठवाड्यात अशी खोकी घरोघर आहेत. हेमा राईरकर आणि गी पॉइटवँ या संशोधकांनी जमवलेल्या जात्यावरच्या ओव्या एक लाखाच्या पुढे आहेत आणि त्यांत आपल्या ताडकळसच्या, माजलगावच्या बायकांचेही आवाज आहेत. घरातल्या कॅसेटमधले आवाज मात्र आपल्यालाच वाचवायचे आहेत. म्हणून हे सगळं क्रमाने लिहितेय. विंडोजवर ऑडॅसिटी हा मोफत प्रोग्राम धरून लिहिलंय, कारण नवख्याला तोच सोपा जातो.

१. लायब्ररी फाइल म्हणजे काय

सप्ता बसतो तेव्हा टाळकरी गावचेच असतात, पण पखवाजवादक पुष्कळदा शेजारच्या गावातून बोलावतात. तोच वादक पुढच्या आठवड्यात तिसऱ्या गावात. प्रत्येक गावाला आपला वेगळा वादक लागत नाही. पण ज्या दिवशी तो येत नाही, त्या दिवशी कीर्तन उभं राहत नाही.

डीएलएल तशीच असते. पूर्ण नाव डायनॅमिक लिंक लायब्ररी. एमपी३ तयार करणं, मोबाइलची फाइल उघडणं, खरखर काढणं ही कामं प्रत्येक प्रोग्राम स्वतः लिहीत बसत नाही, तयार लायब्ररीला हाक मारतो. विंडोजवर अशा फायलीच्या नावाचं शेपूट डीएलएल, मॅकवर डायलिब, लिनक्सवर एसओ.

आपल्या कामात त्या चार प्रकारच्या भेटतात. पहिला, रनटाइम : प्रोग्राम चालायलाच लागणाऱ्या मायक्रोसॉफ्टच्या फायली. दुसरा, कोडेक : वेगवेगळ्या प्रकारच्या ऑडिओ फायली उघडणाऱ्या, उदाहरणार्थ एफएफएमपेग. तिसरा, इफेक्ट : आवाजात बदल करणारे, प्रोग्रामला वरून जोडायचे छोटे प्रोग्राम, म्हणजे व्हीएसटी प्लगइन. चौथा प्रकार साउंड ड्रायव्हरसोबत येतो आणि आपल्याला न विचारता काम करतो. त्याने माझं सर्वांत जास्त नुकसान केलं, त्याच्याबद्दल पाचव्या पायरीत.

२. आधी जमवाजमव

हे सगळं समोर असल्याशिवाय सुरुवात करू नका.

– चालू स्थितीतला टेपरेकॉर्डर किंवा डेक. हेड आणि रबरी रोलर कापसाने पुसून घ्या. हेडला मेडिकलमध्ये मिळणारं आयसोप्रोपिल अल्कोहोल चालतं.
– लाइन-इन असलेला यूएसबी ऑडिओ इंटरफेस, म्हणजे टेपचा आवाज यूएसबीतून कॉम्प्युटरला देणारी छोटी डबी. आजकालच्या लॅपटॉपला एकच भोक असतं, हेडफोन आणि माइकचं मिळून. त्यातलं माइकचं इनपुट एकाच चॅनलचं आणि फार संवेदनशील असतं. टेपचा आवाज सरळ तिथे दिला तर तो फाटतो.
– टेपच्या लाइन-आउटमधून किंवा हेडफोनच्या भोकातून इंटरफेसपर्यंत जाणारी वायर. दुकानात जाताना दोन्ही बाजूंच्या भोकांचे फोटो घेऊन जा, चुकीची पिन गळ्यात पडत नाही.
– कानावर बसणारा हेडफोन. लॅपटॉपच्या स्पीकरवर खरखर कळत नाही.
– डिस्कवर निदान दहा जीबी मोकळी जागा आणि एक बाहेरची हार्ड डिस्क.
– एक वही. हो, कागदाची.

लाइटची गोष्ट इथेच सांगते. आपल्याकडची मेन्स ५० हर्ट्झची, आणि तारांतून घुसणारी घूंऽऽ त्याच सुरात असते. साध्या इन्व्हर्टरवर ती आणखी वाढते. लाइट असताना लॅपटॉप पूर्ण चार्ज करून घ्या आणि रेकॉर्डिंगच्या वेळी चार्जर काढून ठेवा. टेपरेकॉर्डर सेलवर चालत असेल तर नवे सेल घाला. अर्धे संपलेले सेल घातले तर मोटर मंदावते, आवाज जड आणि खालच्या सुरात येतो.

३. आपलं विंडोज आणि आपला प्रोग्राम किती बिटचा, ते लिहून ठेवा

सेटिंग्ज, मग सिस्टम, मग अबाउट. तिथे ‘सिस्टम टाइप’समोर ६४-बिट की ३२-बिट ते लिहिलेलं असतं. विंडोज ११ असेल तर ६४-बिटच.

पण तेवढं पुरत नाही. ६४-बिट विंडोजवर ३२-बिट प्रोग्रामही चालतात. प्रोग्राम उघडून टास्क मॅनेजर बघा. नावापुढे कंसात ३२-बिट लिहिलं असेल तर तो ३२-बिट.

नियम एकच : ३२-बिट प्रोग्रामला ३२-बिट डीएलएल, ६४-बिटला ६४-बिट. पेटी काळी एकला लावलेली आणि पखवाज पांढरी चारला, असं झालं तर दोघेही चांगले असून उपयोग नाही. फाइल डोळ्यांसमोर दिसते, तरी प्रोग्राम म्हणतो सापडली नाही. काही वेळा ‘०एक्ससी०००००७बी’ असा आकडा येतो, त्याचा अर्थ बहुतेक वेळा हाच असतो : पट्टी जुळलेली नाही.

इथे एक फसवी गोष्ट आहे. ६४-बिट विंडोजमध्ये सिस्टम३२ नावाच्या फोल्डरमध्ये ६४-बिट फायली असतात आणि सिसवॉव६४ नावाच्या फोल्डरमध्ये ३२-बिट. नावं उलटी वाटतात. जुने प्रोग्राम मोडू नयेत म्हणून ती तशीच ठेवली आहेत. या दोन्ही फोल्डरांत हाताने काहीही टाकायचं नाही. या लेखातली एक पायरी नाही पाळली तरी चालेल, ही पाळा.

४. ‘डीएलएल सापडत नाही’ आलं तर

संदेशातलं नाव जसंच्या तसं वहीत लिहा. नवख्यांना सर्वाधिक भेटणारी दोन नावं म्हणजे ‘एमएसव्हीसीपी१४०’ आणि ‘व्हीसीरनटाइम१४०’. ही दोन्ही मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल सी++ रिडिस्ट्रिब्युटेबल या संचातली. सुटी फाइल शोधायची नाही, मायक्रोसॉफ्टच्या स्वतःच्या संकेतस्थळावरून पूर्ण संच घ्यायचा. त्याचे दोन इन्स्टॉलर असतात, एक्स६४ आणि एक्स८६. एक्स८६ म्हणजे ३२-बिट. ६४-बिट विंडोजवर दोन्ही टाकून घ्या, एकमेकांना त्रास देत नाहीत. मग कॉम्प्युटर रिस्टार्ट करा.

दुसऱ्याच कुठल्या नावाची फाइल मागत असेल तर ती बहुधा त्या प्रोग्रामचीच असते. तो काढून टाका, त्याच्या मूळ संकेतस्थळावरून नवा इन्स्टॉलर घ्या, पुन्हा टाका. विंडोज लायब्ररी शोधताना साधारणपणे आधी प्रोग्रामच्या स्वतःच्या फोल्डरमध्ये बघतं आणि नंतर सिस्टमच्या फोल्डरमध्ये. म्हणून नीट इन्स्टॉल झालेल्या प्रोग्रामला आपल्या फायली घरातच सापडतात.

‘मोफत डीएलएल उतरवा’ म्हणणारी संकेतस्थळं टाळा, कितीही साधी दिसोत. तिथली फाइल कुणी बनवली, कुठल्या आवृत्तीची, तिच्यात काय घुसवलंय, हे कळायला मार्ग नसतो, आणि डीएलएल म्हणजे चालणारा कोड; प्रोग्रामला जेवढा अधिकार तेवढाच तिलाही.

उतरवलेली फाइल तपासायची सवय लावा. फायलीवर उजवी क्लिक, प्रॉपर्टीज, ‘डिजिटल सिग्नेचर्स’चा टॅब, तिथे कंपनीचं नाव दिसतं. मोफत प्रोग्रामांना काही वेळा अशी सही नसते, पण त्यांच्या संकेतस्थळावर शा-२५६ नावाचा एक लांबलचक आकडा दिलेला असतो. पॉवरशेलमध्ये (विंडोजमधली आज्ञा टाइप करायची खिडकी) ‘गेट-फाइलहॅश’ ही आज्ञा देऊन आपल्या फायलीचा आकडा काढा आणि दोन्ही जुळवून बघा. एक अक्षर जरी वेगळं निघालं तरी फाइल पुसून टाका.

५. रेकॉर्डिंगच्या आधी लपलेली लायब्ररी बंद करा

पहिल्यांदा आत्याचा आवाज हेडफोनमध्ये आला तेव्हा मला रडू आलं, आणि दोन मिनिटांनी लक्षात आलं की काहीतरी चुकतंय. ओवी म्हणताना आवाज स्पष्ट, पण ती श्वास घ्यायला थांबली की जात्याची घरघर एकदम बुडून जायची. पुन्हा ओवी सुरू झाली की घरघर परत. कॅसेट टेपरेकॉर्डरवर सरळ ऐकली तर जातं अखंड फिरत होतं.

कारण असं. विंडोजच्या आवाजाच्या वाटेवर साउंड ड्रायव्हर काही लायब्ररी बसवतो, त्यांना ऑडिओ प्रोसेसिंग ऑब्जेक्ट म्हणतात. त्याही डीएलएलच. फोनवर बोलताना पंख्याचा आवाज पलीकडे जाऊ नये, प्रतिध्वनी येऊ नये, म्हणून त्या असतात. त्यांच्या लेखी माणसाचं बोलणं तेवढं खरं, सतत चालणारं बाकी सगळं काढून टाकण्याजोगं. जातं, तंबोरा, टाळांचा ठेका, सगळं त्यात जातं.

सेटिंग्ज, सिस्टम, साउंड. तिथे आपलं इनपुट उपकरण निवडा आणि ‘ऑडिओ एन्हान्समेंट्स’ ऑफ करा. लॅपटॉप कंपनीचा स्वतःचा साउंडचा प्रोग्राम असेल तर त्यातलं ‘नॉइज सप्रेशन’, ‘एको कॅन्सलेशन’ही बंद करा. मग प्रायव्हसीमध्ये मायक्रोफोनची परवानगी चालू आहे ना ते बघा. ती बंद असेल तर ऑडॅसिटीत नुसती सरळ रेघ येते आणि माणूस तासभर वायरी हलवत बसतो.

६. ऑडॅसिटी आणि एफएफएमपेग

ऑडॅसिटी तिच्या स्वतःच्या संकेतस्थळावरून घ्या. रेकॉर्डिंगसाठी दर सेकंदाला ४४,१०० नमुने आणि ३२-बिट फ्लोट ठेवा (हे बिट आवाजाच्या नमुन्याचे, तिसऱ्या पायरीतल्या बिटशी त्यांचा संबंध नाही). पातळी अशी लावा की सर्वांत मोठा आवाजही उणे ६ डेसिबलच्या आसपास राहील. शून्याला भिडून फाटलेला आवाज कुठल्याही लायब्ररीने परत येत नाही. ‘ऑडिओ होस्ट’मध्ये एमएमई, डायरेक्टसाउंड आणि वासापी अशी तीन नावं दिसतील. एकावर तुटक रेकॉर्ड झालं तर दुसरं लावून बघा.

एमपी३ साठी आता वेगळं काही लागत नाही. जुन्या व्हिडिओंत अजूनही ‘लेम_ईएनसी’ नावाची डीएलएल शोधून आणायला सांगतात. एमपी३ वरची पेटंटं २०१७ पर्यंत संपली नव्हती, म्हणून ती लायब्ररी वेगळी घ्यावी लागे. २०१९ च्या २.३.२ या आवृत्तीपासून विंडोज आणि मॅकवर ती ऑडॅसिटीच्या आतच असते.

एफएफएमपेग मात्र लागतं, विशेषतः घरातल्या जुन्या मोबाइलमधले आवाजही सोबत जमवत असाल तर. साध्या नोकियात केलेलं रेकॉर्डिंग एएमआर प्रकारचं असतं, अँड्रॉइडचं पुष्कळदा एम४ए. या फायली उघडायला ऑडॅसिटी एफएफएमपेगच्या लायब्ररींना हाक मारते. ऑडॅसिटीच्या मदतीच्या पानावर विंडोजसाठी कुठला इन्स्टॉलर घ्यायचा ते दिलेलं आहे. तोच घ्या, आणि आपल्या ऑडॅसिटीच्या बिटचा घ्या. टाकल्यावर ऑडॅसिटी बंद करून पुन्हा उघडा. एडिट, प्रेफरन्सेस, लायब्ररीज. तिथे एफएफएमपेगची आवृत्ती दिसली की काम झालं.

दिसली नाही तर ‘लोकेट’ दाबून ‘एव्हीफॉरमॅट’ नावाने सुरू होणारी डीएलएल दाखवावी लागते. इथे लोक तीन ठिकाणी अडकतात. काहीजण तेवढी एकच फाइल उचलून दुसरीकडे ठेवतात. तिला ‘एव्हीकोडेक’, ‘एव्हीयुटिल’ या बहिणी शेजारी लागतात, सगळं फोल्डर एकत्र राहू द्या. काहीजण ‘स्टॅटिक’ बिल्ड उतरवतात. त्यात नुसता चालणारा प्रोग्राम असतो, डीएलएल नसतातच. आपल्याला ‘शेअर्ड’ लिहिलेली हवी. आणि तिसरं म्हणजे आवृत्ती. फायलीच्या नावातला आकडा एफएफएमपेगची आवृत्ती सांगतो : ५८ म्हणजे चौथी, ५९ म्हणजे पाचवी, ६० म्हणजे सहावी. फार जुन्या ऑडॅसिटीला नवा आकडा ओळखता येत नाही. अशा वेळी ऑडॅसिटीच नवी घ्या.

एएमआर फायलींबद्दल एक गोष्ट मनाची तयारी म्हणून सांगते. साध्या फोनच्या या रेकॉर्डिंगमध्ये सेकंदाला ८,००० च नमुने असतात, त्यामुळे ४,००० हर्ट्झच्या वरचं त्यात काहीच नसतं. बांगड्यांची किणकिण, टाळांची चमक त्यातून निघणार नाही. कुठला प्लगइन ती परत आणून देतो म्हणाला तर ते त्याने स्वतः बनवलेलं असतं.

लिनक्सवाल्यांना या पायरीचा त्रास फारसा नाही. पॅकेज मॅनेजर लागणाऱ्या लायब्ररी स्वतः ओढून आणतो.

७. व्हीएसटी प्लगइन : कुठली फाइल, कुठे

स्टाइनबर्ग या जर्मन कंपनीने १९९६ मध्ये व्हीएसटी आणलं; व्हीएसटी३ आलं २००८ मध्ये. विंडोजवर जुन्या व्हीएसटी२ प्लगइनची फाइल म्हणजे सरळ एक डीएलएल असते. व्हीएसटी३ चं शेपूट वेगळं दिसतं, आत मात्र तीच जात.

व्हीएसटी३ ची जागा ठरलेली : सी ड्राइव्ह, प्रोग्राम फाइल्स, कॉमन फाइल्स, व्हीएसटी३. व्हीएसटी२ ला अशी एकच जागा नाही, प्रत्येक इन्स्टॉलर आपलं फोल्डर सुचवतो. तो सुचवेल ते वहीत उतरवा, नाहीतर महिन्याने तोच प्लगइन तीन ठिकाणी सापडतो. ऑडॅसिटीत व्हीएसटी३ ३.२ या आवृत्तीपासून चालतं. नवा प्लगइन टाकल्यावर ऑडॅसिटी पुन्हा उघडा, मग प्लगइन मॅनेजरमध्ये तो ‘एनेबल’ आहे का बघा.

सुरुवातीला एकच संच पुरे : रीपर हा रेकॉर्डिंगचा प्रोग्राम बनवणाऱ्या कॉकोस कंपनीचा रीप्लग्ज. मोफत आहे, ३२ आणि ६४ बिटचे इन्स्टॉलर वेगवेगळे आहेत. त्यातला रीफिर खरखर वजा करतो, रीईक्यू सूर कमीजास्त करतो.

काही व्हिडिओंत ‘रेगएसव्हीआर३२ चालवून डीएलएल रजिस्टर करा’ सांगतात. व्हीएसटीला त्याची गरज नाही. चालवलंच तर एरर येईल, आणि त्यावरून फाइल खराब आहे असं समजू नका. ‘क्रॅक’ केलेले महागडे प्लगइन गावातल्या पेनड्राइव्हवरून फिरतात, ते घेऊ नका. चौथ्या पायरीत सांगितलेलं सगळं त्यांना लागू आहे. आणि तबला, तंबोरा वाजवणारे वाद्यांचे प्लगइन ऑडॅसिटीत चालत नाहीत, तिथे फक्त इफेक्ट चालतात. ते हवे असतील तर रीपरसारखा प्रोग्राम घ्यावा लागेल.

८. खरखर काढताना

इथे घाई करू नका. मी दोनदा चुकले आणि दोन्ही वेळा लायब्ररीने मी सांगितलं तेच केलं.

ऑडॅसिटीतलं ‘नॉइज रिडक्शन’ कसं चालतं ते कळलं की चूक टळते. आधी तुम्ही तिला एक तुकडा दाखवता : ‘ही बघ खरखर.’ त्याला नॉइज प्रोफाइल म्हणतात. मग ती सगळा आवाज २,०४८ नमुन्यांच्या कापांत बघते. ४४,१०० च्या दराने असा एक काप सेकंदाच्या विसाव्या भागाहून थोडा लहान. प्रत्येक काप फास्ट फूरिये ट्रान्सफॉर्म या गणिताने हजारेक अरुंद पट्ट्यांत वाटला जातो, जसं चाळणीने रवा, पीठ, कोंडा वेगळं करावं. या गणिताची आज वापरात असलेली रीत कूली आणि टुकी यांनी १९६५ मध्ये मांडली, आणि ऑडिओच्या जवळपास प्रत्येक लायब्ररीच्या पोटात ती कुठेतरी आहे. मग एकेका पट्टीत आवाज दाखवलेल्या खरखरीहून मोठा असेल तर तो राहू देते, नाहीतर दाबून टाकते.

आता माझी पहिली चूक. आत्या दोन ओव्यांच्या मध्ये थांबली होती तो तुकडा मी प्रोफाइल म्हणून दिला. तिथे बोलणं नव्हतं, म्हणून मला तो रिकामा वाटला. पण जातं फिरत होतं. लायब्ररीने जात्यालाच खरखर मानलं आणि अख्ख्या तासातून ते उपटून काढलं. उरला आत्याचा एकटा आवाज, कुठे अधांतरी टांगल्यासारखा. तिसऱ्या ओवीत ती भावाचं, म्हणजे माझ्या वडिलांचं, नाव घेते आणि तिथे खुंट्यावर जोर देते. घरघर क्षणभर जड होते, बांगड्या वाजतात. ते सगळं गेलं होतं. जात्याच्या फेऱ्यावरच तिची लय बसलेली होती, ती काढल्यावर ओवी ओवी राहिली नाही.

प्रोफाइलसाठी असा तुकडा घ्या जिथे फीत चालू आहे पण माइक चालू नाही, किंवा निदान समोर काहीच घडत नाही. कॅसेटच्या सुरुवातीला रेकॉर्डचं बटण दाबण्याआधीचे किंवा बाजू संपल्यावरचे दोन-तीन सेकंद बहुधा मिळतात. माझ्या कॅसेटवर शेवटी चार सेकंद सापडले.

दुसरी चूक कीर्तनाच्या कॅसेटवर. प्रोफाइल बरोबर होतं, पण खरखर पूर्ण जावी म्हणून मी जोर लावला, २४ डेसिबल. फितीची सरसर वरच्या सुरांत पसरलेली असते आणि टाळांचा नादही तिथेच राहतो. टाळ वाजला की त्याची शेपटी हळूहळू विरत जाते. ती विरता विरता खरखरीच्या पातळीखाली आली की लायब्ररी ती तोडते. टाळ पाण्यात बुडबुडे फुटल्यासारखे ऐकू यायला लागले. आता मी ६ डेसिबलपासून सुरू करते, ९ च्या वर क्वचित जाते. थोडी सरसर राहते. राहू द्या, कान दोन मिनिटांत तिला विसरतो.

तपासायची एक चांगली सोय त्याच खिडकीत आहे : ‘रेसिड्यू’. ते निवडून ऐकलं की जे काढून टाकलं जाणार आहे तेवढंच वाजतं. त्यात नुसती सरसर ऐकू आली तर ठीक. बांगड्या, टाळ, कुणाचा उच्चार ऐकू आला तर डेसिबल कमी करा.

मेन्सची घूं वेगळ्या पद्धतीने काढायची. ‘नॉच फिल्टर’ (तेवढाच एक सूर कापणारा) ५० हर्ट्झवर लावा, मग गरज असेल तरच १०० आणि १५० वर. हाय-पास लावून खालचं सगळं कापू नका. पखवाजाच्या कणीक लावलेल्या बाजूचा घुमार तिथेच असतो आणि तो गेला की पखवाज डब्यासारखा वाजतो.

हे सगळं मूळ रेकॉर्डिंगच्या प्रतीवर करा. मूळ फाइल जशी आली तशी, खरखरीसकट, वेगळी ठेवा.

९. जपून ठेवताना

ऑडॅसिटीचा प्रोजेक्ट म्हणजे जपून ठेवायची फाइल नव्हे, ती ऑडॅसिटीतच उघडते. मूळ रेकॉर्डिंग वेव्ह प्रकारात काढून ठेवा. ४४,१०० आणि १६-बिट स्टिरिओ धरलं तर मिनिटाला साधारण १० एमबी, म्हणजे साठ मिनिटांच्या कॅसेटला सहाशेच्या आसपास. २४-बिट केलं तर त्याच्या दीडपट. एमपी३ फक्त नातेवाइकांना पाठवायला.

प्रत्येक कॅसेटचं वेगळं फोल्डर करा आणि त्यात एक साधी टेक्स्ट फाइल ठेवा. त्यात कुणाचा आवाज, कुठलं गाव, कुठलं साल, आणि कशाकशाने काय केलं. पाच वर्षांनी कुणाला हेच पुन्हा करायचं असेल, किंवा तुम्ही अडलात आणि कुणाला विचारायचं असेल, तर पहिल्याच निरोपात हे सगळं देता येतं. सोबत एररचा पूर्ण संदेश, फोटो काढून.

माझ्या फोल्डरमधली नोंद अशी आहे :

आक्का, जात्यावरच्या ओव्या, दिवाळी १९९४. बाजू अ आणि ब. विंडोज ६४-बिट, ऑडॅसिटी ६४-बिट. व्हिज्युअल सी++ संच दोन्ही टाकले. एफएफएमपेग इन्स्टॉलरने, हाताने काही हलवलं नाही. ऑडिओ एन्हान्समेंट्स बंद. चार्जर काढलेला. मूळ वेव्हला हात लावलेला नाही. प्रतीवर नॉइज रिडक्शन ६, प्रोफाइल बाजू ब च्या शेवटच्या चार सेकंदांतून. नॉच ५०. जातं ठेवलं आहे.